आजोबांचा झाडपाला की बीएएमएस?

तुझं पत्र दोनदा वाचलं. धडगाव तालुक्यातलं गाव, शहाद्याच्या वसतिगृहात राहून बारावी सायन्स, आणि घरी झाडपाल्याचं औषध देणारे आजोबा. पार मध्य प्रदेशाच्या हद्दीतूनही लोक त्यांच्याकडे येतात. पैसे घेत नाहीत, फार तर नारळ नि पसाभर ज्वारी. आजोबा म्हणतात, 'माझ्यामागं हे कोण करेल? तू शिक.' वडील म्हणतात, 'त्यात काही राहिलं नाही, नीटची परीक्षा दे.' आणि वर्गातल्या मुली तुला 'जडीबुटीवाली' म्हणतात. तू विचारतेस, आजोबांकडे शिकू की बीएएमएस, म्हणजे आयुर्वेदाची पदवी, करू?

मुलींचं सोडून दे. खोकला झाला की त्यांच्याही घरी अडुळसाच उकळतो.

आधी कडू घोट घेऊ. आजोबांचं ज्ञान कितीही पक्कं असलं, तरी नुसत्या त्या बळावर तुला दवाखाना टाकता येणार नाही. महाराष्ट्रात आयुर्वेदाची प्रॅक्टिस करायची तर 1961 च्या कायद्याप्रमाणे राज्याच्या भारतीय वैद्यक परिषदेकडे नोंदणी लागते, आणि नोंदणीला मान्य पदवी. भुकटी पुड्यांत बांधून बाजारात विकायची तर 1940 च्या औषध कायद्याखाली परवाना हवा. 'मधुमेह मुळापासून बरा' असा फलक लावलास तर 1954 चा जाहिरातींचा कायदा आड येतो. आजोबांना गावानं मानलं, कागद कुणी मागितला नाही. तुझ्याकडे मागतील. 'सहा महिन्यांत आयुर्वेद डॉक्टर' असल्या जाहिरातींना भुलू नकोस. पूर्वी 'वैद्य विशारद', 'आयुर्वेदरत्न' या पदव्यांवर बरेच जण प्रॅक्टिस करत. 1967 नंतर मिळवलेल्या अशा पदव्यांवर ती करता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं 2010 मध्ये स्पष्ट केलं.

बीएएमएसचा रस्ता सरळ आहे. नीट परीक्षेत पात्र व्हायचं, बारावीला भौतिक, रसायन, जीवशास्त्रात मिळून 40 टक्के (खुल्या गटाला 50), मग राज्य सीईटी कक्षाची प्रवेशफेरी. साडेचार वर्षं शिक्षण, एक वर्ष इंटर्नशिप. तू पावरा समाजातली आहेस, तेव्हा जमातीच्या वैधता प्रमाणपत्राचा अर्ज आजच कर. चांगले गुण असून केवळ या कागदापायी जागा घालवलेली मुलं मी पाहिली आहेत. वसतिगृह मिळालं नाही तर आदिवासी विकास विभागाची 'स्वयम' योजना आहे, तिची चौकशी प्रकल्प कार्यालयात कर.

पण पदवी तुला जंगल दाखवेलच असं नाही. कुड्याचंच घे. पांढरा कुडा आणि काळा कुडा, दोन्हींना पांढरी फुलं, दोन्हींच्या शेंगा जोडीनं लोंबतात. आव पडते तेव्हा कामाची साल पांढऱ्या कुड्याची. बाजारात त्यात काळ्याची भेसळ होते आणि भले भले फसतात. बी, म्हणजे इंद्रजव, चावून पाहिलं तर पांढऱ्याचं कडू, काळ्याचं गोड. हे तुझ्या आजोबांना पानाच्या स्पर्शावरून कळत असणार. तुला ते 'द्रव्यगुण' या विषयात वाचायला मिळेल, आणि तिथं तू वर्गाच्या चार पावलं पुढं असशील.

उलट आजोबांना जे दिसत नाही, तेही पाहायला हवं. तू लिहिलंयस की डोळे पिवळे झालेली पोरं ते 'कावीळ' म्हणून पाहतात आणि मुळी देतात. नंदुरबार पट्ट्यात भिल्ल, पावरा समाजात सिकलसेल हा रक्तातल्या लाल पेशींचा आनुवंशिक आजार आहे. त्यातही डोळे पिवळे पडतात, अंग दुखतं, पोर सुकतं. मुळीनं तो जात नाही, आणि वाट पाहण्यात पोराचे दिवस जातात. सरकारी दवाखान्यात रक्ताची तपासणी होते; 2023 पासून देशपातळीवर सिकलसेलची मोहीमही सुरू आहे. हे आजोबांना तूच सांगू शकतेस. माझ्यासारख्यानं सांगितलं तर ते ऐकणार नाहीत, आणि का ऐकावं?

(ऐकीव औषधाचा माझाही अनुभव आहे. यावल तालुक्यातल्या माझ्या आत्यानं गुडघ्याला बिब्बा लावला, तो असा उतला की पंधरा दिवस तिला लुगडं गुडघ्याला टेकवता येत नव्हतं. बिब्बा वाईट नाही, शुद्ध न करता लावणं वाईट.)

आता तुझा प्रश्न. मला तो 'आजोबा की बीएएमएस' असा वाटतच नाही. तुला माणसं बघायची आहेत की झाडं? आजोबांबरोबर रानात गेलीस तेव्हा जीव कशात रमला, मुळी खणण्यात की ओसरीवर बसलेल्या बाईचं दुखणं ऐकण्यात? माणसांत रमला असेल तर बीएएमएस. झाडांत रमला असेल तर वनस्पतिशास्त्रात बीएस्सी, एमएस्सी कर, किंवा बी.फार्म. करून औषधी वनस्पतींच्या परीक्षणाकडे वळ. उत्तर महाराष्ट्र विद्यापीठाच्या कॉलेजांतून वनस्पतिशास्त्र शिकता येतं, आणि वनसेवेच्या परीक्षेलाही ते उपयोगी पडतं. पगार सुरुवातीला बेताचाच, हे लपवत नाही. पण सातपुड्यातली सफेद मुसळी लोक कोवळी असतानाच खणून नेतात. ती ओळखून लावणारं, वाढवणारं माणूस तुमच्या गावातलंच हवं.

दोन्हींपैकी काहीही निवडलंस तरी एक काम याच उन्हाळ्यात कर. दोनशे पानी वही घे. एका झाडाला एक पान: पावरी नाव, मराठी नाव, कुठं सापडलं, कुठल्या महिन्यात, कोणता भाग, किती, कुणाला द्यायचं नाही. शास्त्रीय नाव मागाहून कॉलेजात भरशील. फांदी वर्तमानपत्रात दाबून ठेव. 'सांगितलं की औषधाचा गुण जातो' असं आजोबा म्हणतील. बरेच जाणते असं मानतात. तेव्हा त्यांना हळदीची गोष्ट सांग. अमेरिकेत जखमेवरच्या हळदीला पेटंट दिलं गेलं होतं, ते 1997 मध्ये रद्द झालं, कारण आपल्याकडे ते आधीपासून लिहिलेलं होतं. तरी जे त्यांना सांगायचं नसेल ते लिहू नकोस. बाकीचं, त्यांची परवानगी असेल तर, ग्रामपंचायतीच्या लोक जैवविविधता नोंदवहीत त्यांच्या नावानं जाऊ दे.

वहीची पहिली दहा पानं झाली की मला पत्र टाक. आणि त्यात एवढं मुद्दाम लिही: आजोबा कोणत्या रोग्याला औषध न देता परत पाठवतात?