खासगी, खाजगी आणि खाज

रामकुंडावर दशक्रियेला बसलेल्या एका कुटुंबाचे मोबाइलवर चित्रण करणाऱ्या तरुणाला एका वाचक भगिनींनी हटकले, तेव्हा "ही पब्लिक जागा आहे, इथे कसले आले खाजगी?" असे उत्तर त्यांना मिळाले. शब्द 'खाजगी' की 'खासगी', आणि सार्वजनिक जागी तो लागू पडतो का, असे त्यांनी विचारले आहे.

मूळ रूप खासगी. अरबी 'खास'वरून फारसीत ते घडले आणि तिथून मराठीत आले. पुढच्या घोष, म्हणजे गळ्यातल्या कंपनासह उच्चारल्या जाणाऱ्या, 'ग'मुळे 'स'ही घोष होतो आणि 'बाजार'मधला 'ज' ऐकू येतो, असे माझे मत आहे. म्हणून 'खाजगी'ला अशुद्ध ठरवणाऱ्यांशी माझे जमत नाही. चारचौघांत खाजवू नये म्हणून 'खाजगी', असे ठासून सांगणारे एक पंडित मला भेटले आहेत. त्या व्युत्पत्तीतली खाज त्यांची स्वतःचीच आहे.

खरी गंमत होळकरांच्या दप्तरात आहे. तिथे 'दौलत' म्हणजे राज्याचा पैसा आणि 'खासगी' म्हणजे राणीच्या हातचे उत्पन्न. १७३४ साली मल्हाररावांच्या पत्नी गौतमाबाईंना ही खासगी मिळाली आणि पुढे अहिल्याबाईंनी त्याच पैशातून गावोगावी घाट व देवळे बांधली. म्हणजे खासगीतून उभे राहिले ते सर्वांसाठी खुले होते! खासगी म्हणजे दडवलेले नव्हे, ज्याच्यावर दुसऱ्याचा हक्क नाही ते. घाट सर्वांचा असला, तरी मुंडण केलेल्या मुलाच्या हातातला पिंड आणि ओले पातळ बदलणाऱ्या बाईभोवती दोघींनी धरलेला चादरीचा आडोसा सर्वांचा होत नाही. माहिती तंत्रज्ञान कायद्याचे कलम ६६ई नेमके हेच म्हणते: एखाद्याच्या गुप्तांगांचे चित्र संमतीवाचून टिपणे हा गुन्हा ठरतो, मग ती व्यक्ती सार्वजनिक जागी असली तरीही. पिंडदानाच्या चित्रणाला मात्र ते कलम पुरत नाही. तिथे हटकणाऱ्याची जीभच कामी येते.

नोव्हेंबर २००० मध्ये जपानमध्ये विक्रीस आलेल्या शार्पच्या कॅमेरा फोनवर भिंगाशेजारी एक इवलासा आरसा होता, स्वतःचाच चेहरा नीट टिपता यावा म्हणून. पुढे तो कॅमेरा चोरून दुसऱ्यांवर रोखला जाऊ लागला, आणि तिथल्या कंपन्यांना बंद न करता येणारा 'खटक' आवाज बसवावा लागला. आपल्याकडच्या फोनांत तो आवाज सहज बंद होतो.