फायबर आल्यावर भिंतीतली जुनी केबल टीव्हीची वायर काढून टाकू का, की तिच्यावरून वरच्या खोलीत नेट नेता येईल? अ‍ॅडॉप्टर कोणता घ्यावा?

काढू नका. नेट नेता येतं, आणि उत्तम येतं.

आमच्या घरातली कोअ‍ॅक्स (केबल टीव्हीची) वायर बाबांनी बांधकामाच्या वेळी स्वतः उभं राहून टाकून घेतली होती. फायबर आलं तेव्हा दादाचं एकच पालुपद: "भंगार आहे ते, उपटून टाक, मेश लाव." लावलं मेश, म्हणजे घरभर ठेवायचे, एकमेकांशी बोलणारे वाय-फायचे बॉक्स. राउटरजवळ ९०० एमबीपीएसच्या पुढे जाणारा स्पीड स्लॅब ओलांडून माझ्या टेबलापर्यंत यायचा तो ६०-७०. मीटिंगमध्ये माझं निम्मं वाक्य गळायचं.

शेवटी मोका अ‍ॅडॉप्टरची, म्हणजे त्याच वायरवरून नेट नेणाऱ्या डब्यांची, जोडी आणली. एक खाली राउटरच्या लॅन पोर्टला, एक वर. कोअ‍ॅक्सचा दिवा लागेचना. दादा दारातून म्हणाला, "सांगितलं होतं ना?" ते फार लागलं. त्याच रात्री माळ्यावर चढून वायर हाताने चाचपत गेलो. एका कोपऱ्यात गंजलेला स्प्लिटर (एका वायरला फाटे फोडणारा जोड) निघाला, त्यावर बारीक अक्षरांत '५-१००० मेगाहर्ट्झ'. मोकाची २.५ ही आवृत्ती चालते ११२५ ते १६७५ मेगाहर्ट्झमध्ये! बाबांच्या वायरचा दोष नव्हताच. स्प्लिटर काढला, दोन्ही टोकं नव्याने सोलून एफ कनेक्टर बसवले, साध्या जॉइनरने थेट जोडली. दिवा लागला. वर ९३० मिळाले, आणि पिंग (उत्तर यायला लागणारा वेळ) जेमतेम ३-४ मिलिसेकंदांनी वाढला.

तेव्हा आधी वायरचा माग काढा, अ‍ॅडॉप्टरचं नंतर बघा. घ्याल तेव्हा दोन्ही २.५चेच घ्या. मधे जुना केबलचा अ‍ॅम्प्लिफायर असेल तर तो काढा. स्प्लिटर लागणारच असेल तर १६७५पर्यंतचा घ्या आणि मोकळ्या तोंडांना ७५ ओहमचे टर्मिनेटर (टोपणं) लावा.

हो, त्याच वायरवर डिश चालू असेल तर हे जमणार नाही. डिशचा सिग्नल ९५०पासून वर असतो, दोघांची टक्कर होते. वायर घराबाहेर जात असेल तर ती तिथे तोडा किंवा मोका फिल्टर लावा, नाहीतर तुमचा सिग्नल शेजाऱ्याकडे पोचेल. आणि पाइपमधून कॅट ६ (नेटचीच खास वायर) ओढता येत असेल तर तीच ओढा, तिला तोड नाही.

दादा अजून म्हणतो, मेशचा तिसरा बॉक्स लावला असता तर भागलं असतं. नसतं भागलं. तिसरा बॉक्सही त्याच स्लॅबमधून वाय-फायनेच बोलणार होता. त्याने कधीही यावं, माझ्या टेबलावरची वायर लॅपटॉपला लावावी आणि स्वतः स्पीड मोजावा.