ओढ्याकाठच्या वाकड्या शेताचे गुंठे किती?

प्रश्न: शेताची एक बाजू सरळ बांधाची, समोरची ओढ्याच्या कडेने वळत गेलेली. ट्रॅक्टरवाला नांगरटीचे पैसे नजरेच्या अंदाजाने लावतो. आपले आपण मोजता येईल का? (वाचक, भोर)

उत्तर: येईल. ३० मीटरचा टेप, सुतळी, दहा-बारा खुंट्या आणि एक जोडीदार एवढे पुरे. सरळ बांधालगत सुतळी ताणा. तिच्यावर दर १० मीटरला खुंटी ठोका आणि प्रत्येक खुंटीपासून समोरच्या काठापर्यंत काटकोनात अंतर (लंब) घ्या. काठ म्हणजे पाण्याची कड नव्हे. नांगर जिथपर्यंत जातो ती जागा. शेजारच्या दोन लंबांमधला पट्टा समलंब चौकोन धरायचा. मग पहिल्या व शेवटच्या लंबाच्या बेरजेची निमपट करा, तीत मधले सगळे लंब मिळवा आणि १० ने गुणा.

समजा ६० मीटरच्या सुतळीवर सात लंब आले: १८.४, २१.०, २३.६, २२.२, १९.०, १६.८, १४.२. टोकांच्या दोहोंची निमपट १६.३, मधल्या पाचांची बेरीज १०२.६, एकूण ११८.९. क्षेत्र ११८९ चौ. मी. एक गुंठा १०१.१७ चौ. मी.चा, म्हणजे पावणेबारा गुंठे. टोकांची निमपट विसरून सातही लंब मिळवले तर १३५२ येतात. दीड गुंठ्याहून जास्त जमीन कागदावर फुकट वाढते. ही चूक फार होते.

सुतळी ६४.५ मीटर भरली तर शेवटचा तुकडा १० ने गुणू नका. टोकाचा लंब १२.६ असेल तर १४.२ आणि १२.६ यांची सरासरी गुणिले ४.५, म्हणजे ६०.३ चौ. मी. वेगळे मिळवा.

खरी गफलत काटकोनात होते. टेप १० अंश तिरपा गेला तर २० मीटरच्या जागी २०.३ वाचले जाते. म्हणून खुंटीवर ६-८-१० मीटरचा त्रिकोण पाडूनच दिशा ठरवा (६ आणि ८ च्या बाजू मिळतात तिथे काटकोन होतो). ३-४-५ चा त्रिकोण एवढ्या लांब लंबाला तोकडा पडतो. उतारावर टेप जमिनीला टेकवू नका, आडवा ताणून ओळंब्याने टोक खाली उतरवा. आणि ओढा जिथे जोरात वळतो तिथे ५ मीटरवर जादा खुंटी हवीच. काठ बाहेर फुगलेला असेल तर ही रीत क्षेत्र कमी दाखवते, आत दबलेला असेल तर जास्त.

सातबाऱ्याशी आकडा जुळवताना पोटखराबा (लागवडीस अयोग्य जमीन) वेगळा लिहिलेला असतो, तो पाहा. हद्दीचा वाद असेल तर मात्र हे मोजमाप चालत नाही. तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात मोजणीचा अर्ज करावा लागतो.

प्रश्न: सिम्पसनचा नियम (काठ सरळ तुकड्यांऐवजी वक्र धरून क्षेत्र काढण्याचे सूत्र) जास्त अचूक असतो ना?

उत्तर: वळणदार काठाला बहुधा असतो, पण त्याला पट्ट्यांची संख्या सम लागते. वरच्याच सहा पट्ट्यांना तो लावला तर ११९३ येतात, फरक ४ चौ. मी.चा. प्रत्येक लंब १० सें.मी. जास्त वाचला गेला तर ६ चौ. मी. वाढतात. तेव्हा सूत्र बदलण्यापेक्षा टेप नीट धरा.

प्रश्न: शेततळ्याच्या खोदाईचे बिल वरचे आणि तळाचे क्षेत्र यांची सरासरी गुणिले खोली असे काढले आहे. बरोबर आहे का?

उत्तर: शेतकऱ्याच्या तोट्याचे आहे. वर ३० × २० मीटर, खोली ३ मीटर आणि दीडास एक उतार (दीड मीटर आडवे, तर एक मीटर खोल) असलेले तळे घ्या. तळ २१ × ११ होतो. सरासरीने १२४६.५ घनमीटर येतात, प्रत्यक्षात १२०६. चाळीस घनमीटर माती न काढता तिचे पैसे जातात. दर मीटर खोलीवरचे क्षेत्र घ्या: २३१, ३३६, ४५९, ६००. त्यांवर लंबांसारखीच रीत लावा, अंतर १ मीटर. उत्तर १२१०.५ येते. तळे वेडेवाकडे असेल तर प्रत्येक पातळीचे क्षेत्र आधी सुतळी-खुंटीने काढावे लागेल, आणि तेही पाणी व प्लास्टिकचे अस्तर पडण्यापूर्वी.