शब्दांची विचारपूस : बेस की बॅस?

बाई, स. न. वि. वि. माझ्या मुलाने दिवाळीत ब्लूटूथ स्पीकर घेतला. खोक्यात मराठी माहितीपत्रक होतं म्हणून मी कौतुकाने वाचायला घेतलं. त्यात छापलंय, 'अधिक माशासारखा आवाज मिळवण्यासाठी हे बटण दाबा.' मुलाने त्याच कागदाची इंग्रजी बाजू दाखवली. तिथे बी-ए-एस-एस-वाय हे विशेषण आहे. डिक्शनरीत पाहिलं, तर त्याच्या अर्थांत संगीतही आहे आणि मासाही. एकाच शब्दाला इतके लांबलांबचे अर्थ कसे? आणि तो म्हणायचा कसा?
— एक वाचक, सिडको

दादा, तुमचं पत्र आलं त्याच संध्याकाळी मी उत्तर लिहायला बसले, कारण या शब्दाचं माझ्यावर जुनं ऋण आहे. ते पुढे सांगते.

तुमच्या पत्रकातला शब्द 'बेसी' असा म्हणायचा. बेस म्हणजे खालचा, जाड, घुमणारा स्वर, आणि तो ज्या आवाजात भरपूर असेल तो आवाज बेसी. माशाचं नाव मात्र 'बॅस', आणि त्याच्यावरून होणारं विशेषण 'बॅसी'. रोमन लिपीत दोघांची अक्षरं अगदी तीच असल्याने शब्दकोशात ते एकमेकांना खेटून बसतात आणि पाहणाऱ्याला एकाच शब्दाचे दोन अर्थ वाटतात. प्रत्यक्षात ही दोन वेगळ्या घरची माणसं आहेत. आडनाव जुळलं, एवढंच.

संगीतातला बेस आला लॅटिनमधून. तिकडे 'बासुस' म्हणजे बुटका, ठेंगणा. फ्रेंचमध्ये त्याचं 'बा' झालं, इंग्रजीत 'बेस'. जुने इंग्रज तो बी-ए-एस-ई असाच लिहीत, म्हणजे उच्चार आणि अक्षरं जुळत होती. पुढे संगीताच्या पुस्तकांतून इटालियन शब्दांचा सुळसुळाट झाला. इटालियनमध्ये या स्वराला 'बासो' म्हणतात. त्याच्या नादाने इंग्रजांनीही शेवटी दोन एस लावले, पण तोंडातला उच्चार काही बदलला नाही. मुलं विचारतात ना, की 'क्लास', 'ग्लास', 'पास'च्या रांगेतला हा एकटाच 'बेस' का? त्याचं कारण हे. नीच, हलका या अर्थाचा जो बी-ए-एस-ई, तोही याच लॅटिन बुटक्याचा वंशज. बुटक्या पायांचा, लांब कानांचा बॅसेट हाउंड कुत्रा तुम्ही चित्रात पाहिला असेल, तोही त्याच घरचा.

मासा आला जुन्या इंग्रजीतून. तिथे त्याचं नाव 'बॅर्स' होतं. जर्मन भाषेत अजूनही अशाच एका माशाला 'बार्श' म्हणतात. मुळात अर्थ राठ केस किंवा काटा. या माशाच्या पाठीवरच्या पराला टोकदार काटे असतात, त्यावरून हे नाव. काळाच्या ओघात मधला र गळाला आणि स दुणावला. आपल्याला यात नवल वाटायचं कारण नाही. सर्पाचा साप झाला, कर्णाचा कान झाला, कर्माचं काम झालं. आपल्याही तोंडांनी तो र असाच गिळलेला आहे.

आता मला ज्याची खरोखर तळमळ आहे ते सांगते. देवनागरीत आपल्याला हे दोन शब्द वेगळे लिहिता येतात. बेस आणि बॅस. एक मात्रा आणि एक अर्धचंद्र, संपला घोळ. जे इंग्रजांना शेकडो वर्षांत साधलं नाही ते आपल्या लिपीत बसल्या जागी होतं. पण आपण ते वापरतच नाही. छापताना अर्धचंद्र गाळतो, किंवा दोन्हीकडे 'बास' लिहून मोकळे होतो, आणि मग वाचणाऱ्याला 'पुरे' असं वाटतं. माझी कळकळीची विनंती आहे, अर्धचंद्र गाळू नका.

देवनागरीची एक अडचणही कबूल करायला हवी. पिझ्झ्याचा बेस, मेकअपचा बेस, म्हणजे पाया, तोही आपण 'बेस'च लिहितो. तो तिसराच शब्द, ग्रीकमधून आलेला. आणि चौथा आपला अस्सल गावरान 'बेस'. माझी आजी दिंडोरीकडची. पाऊस वेळेवर झाला की म्हणायची, 'बेस झालं बाई.' भाकरी फुगली तरी बेस, पोरगी पास झाली तरी बेस. त्यामुळे मिरवणुकीत कुणी 'काय बेस आहे!' म्हणालं, की मला क्षणभर आजीच आठवते. वाक्य मात्र दोन्ही अर्थांनी खरं असतं.

पत्रकात मराठीत काय छापायला हवं होतं, हे तुम्ही विचारलेलं नाही, पण मला सांगितल्यावाचून राहवत नाही. 'खर्ज वाढवण्यासाठी हे बटण दाबा.' इतकं सोपं. तानपुऱ्याची चौथी, पितळेची जाड तार म्हणजे खर्जाची तार. पुरुष गायक काळी एकमध्ये, म्हणजे पेटीच्या पहिल्या काळ्या पट्टीला सा धरून गात असेल, तर ती तार सेकंदाला साधारण ६९ वेळा थरथरते. चार तारांच्या बेस गिटारची सर्वांत जाड तार त्याहून खाली, सुमारे ४१ वेळा. माणसाच्या कानाची खालची मर्यादा २०च्या आसपास. म्हणजे बेस हा आपल्या ऐकू येण्याच्या तळघरातला प्रदेश, आणि त्या तळघराला आपल्याकडे नाव आहे, मंद्र. पहाटे उठून खर्ज लावणाऱ्या गवयाला बेस म्हणजे काय हे कुणी शिकवायची गरज नाही.

आवाजाचं वर्णन करायचं असेल तर 'घुमारेदार' म्हणा. तबल्याच्या जोडीतला डग्गा घुमारा देतो. ढोलाची थापेची बाजू घुमते आणि टिपरूची बाजू कडाडते. आपण नाशिकची माणसं, ढोल हा आपला घरचा विषय आहे, तो घुमारा आपल्या पोटात बसलेला असतो. माणसाच्या गळ्याबद्दल बोलायचं असेल तर 'खर्जातला आवाज'. इथे बरेच लोक 'पहाडी आवाज' म्हणतात, ते चूक. पहाडी आवाज शाहिराचा. तो वर चढतो आणि लांब पोचतो. खर्जातला आवाज खाली उतरतो.

आणखी एक बारकावा. इंग्रजीत बेसी ही नेहमीच स्तुती नसते. नाचाचं गाणं बेसी असेल तर उत्तम, पण रेडिओवरच्या बातम्या किंवा फोनवरचं बोलणं बेसी असेल तर ती तक्रार आहे. खालचा स्वर इतका फुगतो की शब्द त्यात बुडतात. त्या दुसऱ्या अर्थासाठी आपल्याकडे 'बद्द' आहे. कुंभाराकडे माठ घेताना आपण बोटाने वाजवून बघतो. खणखणला तर घ्यायचा, बद्द वाजला तर ठेवायचा. म्हणून भाषांतर करणाऱ्याने आधी वाक्य कौतुकाचं आहे की तक्रारीचं ते पाहावं, मग घुमारेदार की बद्द ते ठरवावं.

माशाचं 'बॅसी' दुर्मीळ. इंग्लंडच्या किनाऱ्यावर गळ टाकून बसणारे हौशी लोक फेसाळलेल्या पाण्याकडे बघून ते बॅसी दिसतंय म्हणतात, म्हणजे आज बॅस लागेल असं पाणी. क्वचित चवीसाठी किंवा वासासाठीही वापरतात. स्पीकरच्या खोक्यावर ते यायचं काहीच कारण नाही.

आता ऋणाची गोष्ट. १९८७ साली मी एका तालुक्याच्या शाळेत नववीला इंग्रजी शिकवत होते. धड्यात एका वृद्ध गायकाचा आवाज बेस आहे असं वाक्य होतं. मी ठसक्यात 'बॅस व्हॉइस' वाचलं आणि पुढे गेले. तास संपल्यावर एक मुलगी टेबलाजवळ आली. तिचे वडील लग्नाच्या बॅन्डमध्ये मोठा ड्रम वाजवायचे. ती खालच्या आवाजात म्हणाली, 'बाई, माझे वडील त्याला बेस ड्रम म्हणतात. तोच शब्द आहे का हा?' मला उत्तर येत नव्हतं. शाळेच्या कपाटातला शब्दकोश काढला, आणि तिच्या वडिलांचा उच्चार बरोबर निघाला. दुसऱ्या दिवशी मी फळ्यावर दोन्ही शब्द लिहिले, काल मी चुकीचं वाचलं हे वर्गाला सांगितलं आणि बरोबर कुणामुळे कळलं तेही सांगितलं. इंग्रजीचा एक अक्षर न शिकलेला माणूस रोज योग्य उच्चार करत होता आणि पदवी घेतलेली मी चुकत होते. त्या दिवसापासून कुठलाही धंद्यातला शब्द शिकवायच्या आधी तो धंदा करणाऱ्याच्या तोंडून ऐकायचा, असा मी नेम केला. निवृत्त होईपर्यंत पाळला, आजही पाळते.

बाई, गंगापूर रोडवरच्या एका हॉटेलात मेन्यूवर 'ग्रिल्ड सी बेस' लिहिलं होतं. हा कोणता मासा? आपल्याकडे मिळतो का?
— एक वाचक, महात्मानगर

लिहायला हवं होतं 'सी बॅस'. पण कोणता मासा, हा प्रश्न तुम्ही वाढप्यालाच विचारायला हवा होता, कारण बॅस हे नाव फार सैल आहे. युरोपातला सी बॅस वेगळा. अमेरिकेत तळ्यांतून गळाने पकडतात तो लार्जमाउथ बॅस गोड्या पाण्यातला, त्याचं कूळच निराळं. १९३२ साली जॉर्जिया राज्यात त्याच्या वजनाचा विक्रम झाला, २२ पौंड ४ औंस, म्हणजे आपले दहा किलो. आणि 'चिलियन सी बॅस' तर बॅसच नाही. तो दक्षिणेकडच्या थंडगार समुद्रातला टूथफिश. त्या नावाने कोण खाणार, म्हणून १९७७मध्ये एका अमेरिकन मासळी व्यापाऱ्याने त्याला हे गोंडस नाव दिलं.

आपल्याकडे हॉटेलात 'एशियन सी बॅस' म्हणून येतो तो मात्र तुमच्या ओळखीचा निघेल. तो आपला जिताडा. अलिबाग-पेणकडच्या लोकांसमोर जिताड्याचं नाव काढून बघा, चेहरा कसा खुलतो. बंगाली लोक त्यालाच भेटकी म्हणतात आणि ऑस्ट्रेलियात तो बॅरामंडी होतो. खाडीच्या मचूळ पाण्यात वाढणारा हा मासा आयुष्याची सुरुवात बहुधा नर म्हणून करतो आणि मोठा झाला की मादी होतो, त्यामुळे मोठे जिताडे बहुतेक माद्याच असतात.

नाशिक समुद्रापासून लांब. आपल्या बाजारात धरणाचा रोहू, कटला, मरळ सहज मिळतो, आणि समुद्राची मासळी बर्फातून येते. हॉटेलवाल्याने मेन्यूवर सरळ 'जिताडा' लिहिलं तर गिऱ्हाईक दोन पैसे जास्तच देईल, असं मला मनापासून वाटतं. निदान मी तरी देईन.

बाई, आमचं घर रविवार कारंजाजवळ. विसर्जनाच्या दिवशी खिडक्या लावल्या तरी गाण्याचे शब्द येत नाहीत, नुसता बेस येतो. असं का?
— एक वाचिका

ताई, प्रश्न शब्दाचा नसून भौतिकशास्त्राचा आहे, पण थोडक्यात सांगते. सेकंदाला ५० कंपनांचा बेस घेतला तर हवेत त्याची एक लाट जवळजवळ सात मीटर लांब असते. 'स', 'श' अशा व्यंजनांची लाट काही सेंटिमीटरची. छोटी लाट काचेवर आणि भिंतीवर अडते, मोठी लाट भिंतीला आणि तावदानालाच हलवत आत येते आणि कोपऱ्यांना वळसाही घालते. म्हणून वाकडी बारवेपाशी सुरू झालेली मिरवणूक तुमच्या दारी यायच्या कितीतरी आधी तुमच्या भांड्यांच्या मांडणीला कळते. पडदे आणि फोम लावून यात फारसा फरक पडत नाही, जाड आणि जड भिंतच लागते. घरात म्हातारं माणूस किंवा तान्हं बाळ असेल तर त्या दिवसापुरतं आतल्या खोलीत, रस्त्यापासून दोन भिंती पलीकडे झोपवा.

बॅसचं अनेकवचन काय? मुलीच्या परीक्षेत आलं होतं.
— एक पालक, इंदिरानगर

माशाचं बहुधा 'बॅस'च राहतं. एक बॅस, दहा बॅस. वेगवेगळ्या जातींबद्दल बोलायचं असेल तेव्हा 'बॅसेस' चालतं. संगीतातल्या बेसचं मात्र 'बेसेस' होतं. नाताळच्या आधी शरणपूर रोडच्या चर्चवरून गेलात तर गाण्याचा सराव ऐकू येईल. सोप्रानो, आल्टो, टेनर आणि बेस अशा चार पट्ट्यांत गाणारी मंडळी असतात, त्यांतले खालच्या पट्टीतले सगळे मिळून बेसेस. मुलीला एकदा घेऊन जा आणि डोळे मिटून फक्त तेवढाच आवाज वेगळा काढायला सांगा. पहिल्या दिवशी जमणार नाही, तिसऱ्या दिवशी जमेल.