कॅमेलिया, कडाक्याची थंडी आणि सकाळचे ऊन

प्रश्न : आम्ही न्यू जर्सीत एडिसन येथे राहतो. गेल्या ऑक्टोबरमध्ये एका मोठ्या दुकानातून टपोऱ्या कळ्यांनी लगडलेले कॅमेलिया या सदाहरित फुलझाडाचे रोप आणले आणि सकाळचे कोवळे ऊन मिळावे म्हणून घराच्या पूर्वेकडील भिंतीलगत लावले. जानेवारीत पारा शून्य फॅरेनहाइटच्या आसपास उतरला. आता मार्चमध्ये पाने कडांपासून करपली आहेत आणि कळ्या हात लावताच गळतात. रोप मेले असे समजावे का? पुन्हा लावायचे झाल्यास कोणती जात निवडावी?

उत्तर : रोप इतक्यात उपटू नका. एखाद्या फांदीवर नखाने साल किंचित खरवडून पाहा. खाली ओलसर हिरवा थर दिसला तर ती फांदी जिवंत आहे. बारीक फांदी वाळलेली आढळली तर खाली खोडाकडे सरकत तसेच पाहत जा. मे महिना सरेपर्यंत कात्री लावू नये, कारण पाने पूर्ण झडलेल्या फांदीलाही उशिरा नवे डोळे फुटतात. कळ्यांची आशा मात्र या वर्षापुरती सोडावी लागेल. गळलेली एक कळी उभी चिरून पाहिलीत, तर बाहेरचे खवले हिरवे असूनही आतला गाभा तपकिरी झालेला दिसेल. कॅमेलियाचे लाकूड आणि पाने जेवढी थंडी सोसतात, तेवढी फुलाची कळी सोसत नाही, आणि थंड प्रदेशासाठी जात निवडताना हीच गोष्ट सर्वांत आधी लक्षात घ्यायला हवी.

जागेविषयी आपण जो हिशेब केला तो महाराष्ट्रातल्या बागेत अगदी बरोबर ठरला असता. गोठलेल्या हिवाळ्यात मात्र तो उलटतो. रात्रभर गोठलेल्या कळीवर आणि पानावर सकाळचे ऊन एकदम पडले की बर्फ झपाट्याने वितळतो आणि आतल्या पेशी फाटतात. शिवाय ऊन आणि वारा पानांतले पाणी ओढून घेत असतात, पण जमीन गोठलेली असल्यामुळे मुळांना ते भरून देता येत नाही. आपल्या पानांच्या कडा करपल्या त्या बहुधा या तहानेने. म्हणून घराची उत्तर किंवा वायव्य बाजू, किंवा पाइनसारख्या सदाहरित झाडांची विरळ सावली निवडावी, आणि वाऱ्याच्या दिशेला पहिली दोन-तीन वर्षे खुंट्यांवर गोणपाटाचा आडोसा ताणावा. जमीन गोठण्यापूर्वी एकदा भरपूर पाणी देण्यास विसरू नये.

लागवडीची वेळही चुकली. आपल्याकडे पहिल्या पावसाबरोबर रोप लावतात, ते मुळांना चार महिने ओलावा मिळावा म्हणून. न्यू जर्सीत तेच काम वसंतात, म्हणजे एप्रिल-मेमध्ये केले की मुळांना हिवाळ्यापूर्वी संपूर्ण उन्हाळा मिळतो. माती आम्ल, साधारण ५.५ ते ६.५ सामूची (pH) आणि पाण्याचा उत्तम निचरा होणारी असावी. चिकणमाती असल्यास मुळांची हुंडी जमिनीपेक्षा दोन-तीन बोटे उंच ठेवावी, कारण खोल गाडलेले कॅमेलिया वर्षानुवर्षे कुढत राहते. पाइनच्या सालीचे आच्छादन द्यावे, पण ते खोडाला भिडवू नये. खत वसंतातच द्यावे; जुलैनंतर दिलेल्या खताने कोवळी फूट येते आणि ती पहिल्याच कडाक्यात जळते. छाटणी फुले संपताच उरकावी, कारण पुढच्या हंगामाच्या कळ्या उन्हाळ्यातच धरतात.

आता जातींविषयी. ऐन जानेवारी-फेब्रुवारीत फुलणाऱ्या जाती दक्षिणेकडच्या सौम्य हिवाळ्यासाठी आहेत; न्यू जर्सीत एक तर कडाक्याआधी फुलून मोकळी होणारी, नाही तर कळी घट्ट मिटून एप्रिलपर्यंत थांबणारी जात हवी. पहिल्या प्रकाराचे श्रेय वनस्पती-संशोधक विल्यम अॅकरमन यांचे. १९७०च्या दशकाच्या अखेरच्या हिवाळ्यांनी वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय वृक्षोद्यानातील बहुतेक कॅमेलिया मारले, पण चीनमध्ये बियांच्या खाद्यतेलासाठी लावला जाणारा कॅमेलिया ओलिफेरा तगला. त्याचा सासांक्वा आणि हिएमॅलिस या शरदात फुलणाऱ्या कॅमेलियांशी संकर करून अॅकरमन यांनी ‘विंटर्स स्टार’, ‘पोलर आइस’, ‘स्नो फ्लरी’ अशा जाती घडवल्या. ‘विंटर्स स्टार’ गुलाबी एकेरी, तर उरलेल्या दोन्ही पांढऱ्या आहेत. दुसऱ्या प्रकारात नॉर्थ कॅरोलायनातील क्लिफर्ड पार्क्स यांची ‘एप्रिल’ मालिका येते. त्यातील ‘एप्रिल ट्रिस्ट’ लाल, तर ‘एप्रिल ब्लश’ फिकट गुलाबी आहे. कोरियाच्या किनाऱ्याजवळच्या बेटांवरून १९८४ साली गोळा केलेल्या बियांपासून आलेले ‘कोरियन फायर’ हे लाल एकेरी फुलांचेही काटक झाड आहे. माझे मत विचाराल तर पहिले झाड शरदात फुलणारे घ्या. वसंतात फुलणाऱ्या जपॉनिका कॅमेलियाची मोठी भरगच्च फुले अधिक देखणी हे खरे, पण नोव्हेंबरमध्ये सारी बाग निष्पर्ण असताना गडद चकचकीत पानांत उमललेले एक साधे गुलाबी फूल जे समाधान देते, ते एप्रिलच्या गर्दीत मिळत नाही.

प्रश्न : शिकागोजवळ आमच्याकडे कॅमेलिया कुंडीत आहे. हिवाळ्यात ते दिवाणखान्यात ठेवावे का?

उत्तर : नाही. तापवलेल्या खोलीतील कोरड्या हवेत कळ्या न उमलताच गळतात. बाहेरही ठेवता येणार नाही, कारण जमिनीतली मुळे मातीच्या उबेने वाचतात, पण कुंडीला चहूबाजूंनी हवेची थंडी लागते आणि मुळे पानांइतकी काटक नसतात. न तापवलेले, खिडकी असलेले गॅरेज सर्वांत उत्तम. तिथले तापमान २ ते ७ अंश सेल्सिअस राहिल्यास पुरे. माती बोटाने चाचपून पाहावी आणि वरचा इंचभर थर कोरडा लागला की थोडेसे पाणी द्यावे. कडाक्याची थंडी संपली की कुंडी बाहेर न्यावी, पण पहिले दहा-बारा दिवस सावलीतच ठेवावी.