सोलापुरात राहून प्राण्यांवरील अन्यायाविषयीच्या माहितीपटांचा छायालेखक होता येईल का? कॅमेरा कोणता घ्यावा?

कॅमेरा विकत घेऊ नका, भाड्याने आणा. लेन्स मात्र लांब पल्ल्याची, 600 मिलिमीटरची हवी. ती का, हे मला फार उशिरा कळले.

काही वर्षांपूर्वी जानेवारीत, नान्नजच्या माळढोक अभयारण्याबाहेरील एका पडीक रानात मी लांडगिणीच्या बिळाचे चित्रण करत होतो. अभयारण्यात वनखात्याची परवानगी लागते. इथे अडवणारे कोणी नव्हते. दहा वाजल्यानंतर माळावरची हवा थरथरू लागली, लांबून घेतलेले दृश्य पाण्याखालचे वाटू लागले, तेव्हा ज्यांच्या हाताखाली मी काम शिकलो त्या दिग्दर्शक सरांनी मला बिळापासून वीस पावलांवर जायला सांगितले आणि मी गेलो. पिल्लांच्या अंगावरची तपकिरी लव, एकीच्या कानाला चिकटलेले कुसळ, सगळे स्पष्ट मिळाले. दुसऱ्या दिवशी बीळ रिकामे होते. "रातच्याला आईनं उचलून नेली," तिथला मेंढपाळ म्हणाला. "मेंढरं खाती आमची, पन बिळापाशी आमीबी जात न्हाई."

त्या दृश्यावर मला पुढे बरीच कामे मिळाली. सर आजही विचारतात, "पिल्ले मेली, हे तू पाहिलेस का?" नाही पाहिले, पण जगली, हे त्यांनी तरी कुठे पाहिले? डिस्नेच्या 1958 सालच्या एका माहितीपटात लेमिंग नावाचे उंदरासारखे प्राणी कड्यावरून स्वतःहून उड्या घेताना दाखवले होते; चित्रण करणाऱ्यांनीच तो प्रसंग घडवून आणला होता, हे कॅनडाच्या दूरचित्रवाणीने 1982 मध्ये उघड केले. त्या माहितीपटाला ऑस्कर मिळाले होते, त्यामुळे "प्रेक्षकाला फक्त शॉट दिसतो" हे सरांचे म्हणणे चोवीस वर्षे खरे ठरले, एवढेच.

राहिला पोटाचा प्रश्न. माझे घर लग्नांच्या चित्रणावर चालते. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये प्रवेश मिळाला तर अवश्य जा, तंत्र पक्के होईल. सगळेच दिग्दर्शक असे नसतात, आणि माझ्या पहिल्या कॅमेऱ्याचे भाडे याच सरांनी खिशातून भरले होते, हेही लिहायला हवे. तरीही प्राण्यापासून किती अंतर ठेवायचे, ते काम स्वीकारण्यापूर्वी लेखी ठरवून घ्या. माझ्या करारातले ते कलम वाचून सर हसले होते. सही मात्र केली.