मल्याळम प्रेमकथा इतक्या वेगळ्या का वाटतात? सुरुवात कुठल्या सिनेमापासून करू?

२०१५ च्या गाजलेल्या 'प्रेमम'पासून अजिबात नको. आधी 'मतिलुकळ' बघा, अडूर गोपालकृष्णन यांचा, १९९० चा. वैक्कम मुहम्मद बशीर यांच्या लघुकादंबरीवरचा. मामुट्टी राजकीय कैदी, भिंतीपलीकडे बायकांचा तुरुंग, तिथे नारायणी. ओळख, थट्टा, रुसवे सगळं भिंतीआडून. ती आली की वाळकी काटकी वर उडवते, आणि काटकी दिसली की हा धावत सुटतो. गुलाबाचं रोपसुद्धा भिंतीवरून टाकतो. नारायणी एकदाही दिसत नाही, केपीएसी ललितांचा नुसता आवाज. दवाखान्यात भेटायचं ठरतं आणि त्याआधीच याची सुटका होते. सुटका झाली म्हणून माणूस हवालदिल होतो!

आमचे थोरले दीर म्हणाले, "ही कसली प्रेमकथा? हिरॉइनच नाही." मला ते फार लागलं. साखरपुडा झाल्यावर हे कोचीला नोकरीवर परत गेले, मी साताऱ्यात. रात्री फोनचे दर उतरले की मी एसटीडी बूथवर जायचे. मीटरचे आकडे पळायचे आणि हे तिकडून मेसमधल्या माशाच्या कालवणाबद्दल सांगत बसायचे. "फोनवर कसलं प्रेम जुळतं," असं दीर तेव्हाही चारचौघांत म्हणाले होते. जुळतं. माझा नवरा मला त्या बूथमध्येच कळला.

वेगळेपणाचं म्हणाल, तर तिथे प्रेमाच्या आड येणारी गोष्ट खरी असते. तकळी शिवशंकर पिल्लै यांच्या कादंबरीवरच्या 'चेम्मीन'मध्ये (१९६५) करुत्तम्मा कोळ्याची पोर, परीकुट्टी मुसलमान व्यापारी. वर समजूत अशी, की किनाऱ्यावरची बायको एकनिष्ठ असेल तरच दर्यावरचा नवरा सुखरूप. मग अख्खा किनारा तिच्यावर पाळत ठेवणारच. आणि पद्मराजन यांच्या १९८६ च्या 'नमुक्कु पार्क्कान मुन्तिरित्तोप्पुकळ'मध्ये सोफियावर सावत्र बाप बलात्कार करतो, तरी सॉलोमन तिला घेऊन जातो. आपल्याकडे त्या काळात तिला बहुधा विहिरीत ढकललं असतं.

सगळंच असं नाही हं. मुलीच्या मागे मागे फिरून होकार मिळवणारे नायक तिथेही ढिगाने आहेत. 'प्रेमम'ही वाईट नाही, फक्त पहिला नको.

तुमचं माणूस लांब असेल आणि कुणी 'न भेटता कसलं प्रेम' म्हणत असेल, तर त्याला 'मतिलुकळ' शेवटपर्यंत बघायला बसवा. आमचे दीर मध्येच उठून गेले होते, म्हणून त्यांचं मत मी धरतच नाही.